विश्लेषण : मोबाइल मराठीत, मग लॅपटॉप इंग्रजीतच का?

मोबाइलची भाषा मराठी करणे आता कुणाला विशेष वाटत नाही. सेटिंग्ज उघडायची, भाषा निवडायची, की घड्याळाच्या आकड्यांपासून बॅटरीच्या सूचनेपर्यंत सगळे मराठीत. लॅपटॉपवर मात्र हेच काम करायला गेले, की अनेकांच्या पदरी एक इंग्रजी वाक्य पडते. त्याचा अर्थ असा, की तुमच्या परवान्यावर पडद्याची एकच भाषा चालेल. लॅपटॉपमध्ये बिघाड नसतो, इंटरनेटही सुरू असते. अडचण आधीच झालेली असते, दुकानात बिल फाडले तेव्हाच.

विंडोज, मॅक आणि लिनक्स या तिन्ही प्रणालींवर पडद्याची भाषा बदलण्याची सोय आहे. पण ती कुणाला मिळते, किती मिळते आणि अर्ध्यावर का थांबते, हे समजून घेतले तर नवा लॅपटॉप घेताना पैसे वाया जाणार नाहीत.

‘मराठी कॉम्प्युटर’ म्हणजे नेमके काय?

इथेच पहिला घोळ होतो. ‘माझ्या कॉम्प्युटरवर मराठी आहे’ असे कुणी म्हटले, की त्याचे तीन वेगवेगळे अर्थ असू शकतात. मराठी टाइप करता येणे ही एक गोष्ट. तारीख, आठवड्याचे वार, रुपयाचे चिन्ह आणि लाख-कोटीचे स्वल्पविराम आपल्या पद्धतीने दिसणे ही दुसरी. मेन्यू, बटणे, सूचना, चुकांचे संदेश असे प्रणालीचे स्वतःचे बोलणे मराठीत असणे ही तिसरी. या तिसऱ्या गोष्टीला ‘डिस्प्ले लँग्वेज’ म्हणतात. आपण तिला पडद्याची भाषा म्हणू.

तिन्हींच्या कळा वेगळ्या आहेत. पडदा इंग्रजी ठेवून मराठी टाइप करता येते. बहुसंख्य मराठी माणसे तेच करतात. उलट पडदा मराठी केला म्हणून किबोर्ड आपोआप हाताला सोपा होत नाही. आणि श्रीलिपीत किंवा एखाद्या जुन्या सुरेख फाँटमध्ये केलेल्या वीस वर्षांपूर्वीच्या फायली यातल्या कोणत्याही कळीने वाचनीय होत नाहीत. तिथे अक्षरेच इंग्रजीच्या जागेवर बसवलेली असतात, त्यामुळे त्या फायली युनिकोडमध्ये बदलून घ्याव्या लागतात. ‘मराठी लँग्वेज टाकून देतो, जुन्या फायली दिसतील’ असे दुरुस्तीवाला म्हणाला, तर पैसे देण्याआधी एक फाइल उघडून दाखवायला सांगा.

पडद्याची भाषा बदलते कशी?

प्रोग्रॅममध्ये ‘रद्द करा’ किंवा ‘कॅन्सल’ हा शब्द लिहिलेला नसतोच. तिथे असतो एक क्रमांक किंवा एक सांकेतिक नाव. बटण दाखवायची वेळ आली, की प्रणाली सध्याच्या भाषेची शब्दांची फाइल उघडते, त्या क्रमांकासमोर काय लिहिले आहे ते पाहते आणि तेवढे बटणावर छापते. भाषेचा ‘पॅक’ म्हणजे अशा हजारो शब्दांची आणि वाक्यांची पोतडी. काम करणारा प्रोग्रॅम तोच राहतो, फक्त त्याच्या तोंडचे शब्द बदलतात.

आता त्या क्रमांकासमोर मराठीत काहीच लिहिलेले नसेल तर? प्रणाली रिकामे बटण दाखवत नाही. ती खालच्या पायरीवरच्या भाषेत शोधते. मराठीच्या बाबतीत ती पायरी इंग्रजीची. म्हणूनच वरची ओळ मराठी, मधली इंग्रजी आणि खालचे बटण पुन्हा मराठी अशी खिचडी दिसते. पॅक नीट बसला नाही असे वाटून अनेकजण तो काढून पुन्हा टाकतात. त्याने काही फरक पडत नाही. शब्द नसला तर नसला.

विंडोज शब्दांच्या या फायली तुम्ही खात्यात शिरताना उचलते. म्हणून भाषा बदलल्यावर ‘साइन आउट’ करून परत यावे लागते. नुसती खिडकी बंद करून उघडल्याने भागत नाही.

विंडोज ११ मध्ये मराठी कसे बसवायचे?

इंटरनेट सुरू ठेवा. ‘सेटिंग्ज’मध्ये ‘टाइम अँड लँग्वेज’ आणि तिथे ‘लँग्वेज अँड रीजन’ उघडा. ‘प्रिफर्ड लँग्वेजेस’समोर ‘ॲड अ लँग्वेज’ हे बटण आहे. ते दाबून शोधाच्या चौकटीत इंग्रजीत मराठी असे लिहा, भाषा निवडा आणि पुढे जा. पुढच्या पानावर ‘लँग्वेज पॅक’ची चौकट दिसेल. ती महत्त्वाची. ही खूण राहिली, तर फक्त टाइप करण्यापुरती मराठी येते आणि पडदा इंग्रजीच राहतो. त्याच पानावर ‘सेट ॲज माय विंडोज डिस्प्ले लँग्वेज’ अशी आणखी एक चौकट असते. लगेच बदल हवा असेल तर तिथेही खूण करा, ‘इन्स्टॉल’ दाबा, डाउनलोड होऊ द्या आणि साइन आउट करून परत या.

परत इंग्रजी हवी असेल, तर त्याच पानावर सर्वात वर ‘विंडोज डिस्प्ले लँग्वेज’ची यादी आहे. तिथून इंग्रजी निवडा आणि पुन्हा एकदा साइन आउट करा. एकदा उतरवलेला पॅक काढून टाकायची गरज नाही. इंग्रजी तर मुळीच काढू नका, कारण मराठी तिच्याच खांद्यावर उभी आहे.

घरात एकच लॅपटॉप आणि वापरणारे चार, अशी स्थिती असेल तर एक सोय आवर्जून लक्षात ठेवावी. विंडोजमध्ये पडद्याची भाषा प्रत्येक खात्याला वेगळी ठेवता येते. आजोबांचे खाते मराठीत, अभियांत्रिकीला असलेल्या नातीचे इंग्रजीत. कुणी कुणाच्या वाटेत येत नाही. ‘सगळ्यांना इंग्रजी येते, मग कशाला बदलायचे’ हा घरोघरचा वाद यामुळे निदान लॅपटॉपपुरता मिटतो.

खाते मराठीत गेले, तरी लॉगिनचे पान इंग्रजीतच राहू शकते. ते बदलण्यासाठी ‘लँग्वेज अँड रीजन’मधूनच ‘ॲडमिनिस्ट्रेटिव्ह लँग्वेज सेटिंग्ज’ उघडावे, ‘कॉपी सेटिंग्ज’ दाबावे आणि स्वागताच्या पानासाठी व नव्या खात्यांसाठी असलेल्या खुणा कराव्यात.

‘सिंगल लँग्वेज’ची मेख काय आहे?

वर सांगितलेले सगळे नीट केले आणि तरीही ‘लँग्वेज पॅक’ची चौकट निवडताच येत नसेल, तर ‘सेटिंग्ज’, मग ‘सिस्टिम’ आणि सर्वात खाली ‘अबाउट’ उघडा. तिथे ‘एडिशन’समोर काय लिहिले आहे ते वाचा. ‘विंडोज ११ होम सिंगल लँग्वेज’ असे असेल, तर कारण सापडले.

विंडोज ८ च्या वेळी, म्हणजे २०१२ मध्ये, मायक्रोसॉफ्टने ही एकभाषी आवृत्ती आणली. ती सुटी विकायला नव्हती. लॅपटॉप बनवणाऱ्या कंपन्यांनी ठरावीक देशांतल्या यंत्रांत ती आधीच भरून द्यायची, अशी ती योजना. भारत त्या देशांत आहे आणि आपल्याकडे मध्यम व कमी किमतीच्या लॅपटॉपवर ही आवृत्ती सर्रास आढळते. बाकी सगळ्या बाबतींत ती साध्या ‘होम’सारखीच चालते. गेम चालतात, ऑफिस चालते, अपडेट येतात. फरक एवढाच, की पडद्याची भाषा एकच. मायक्रोसॉफ्टचे मदतपान याबाबत स्पष्ट आहे. एकच भाषा चालेल असा संदेश दिसला, तर ती एकभाषी आवृत्ती समजावी; दुसरी भाषा हवी असेल तर पैसे भरून ‘होम’ किंवा ‘प्रो’ घ्यावे.

म्हणजे बावीस भाषा ज्याच्या राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत आहेत, त्या देशात एकभाषी आवृत्ती विकली जाते. आणि ती एक भाषा कोणती, हे गिऱ्हाइकाला काउंटरवर कुणी विचारत नाही. खोक्यावर प्रोसेसर, रॅम, एसएसडी ठळक अक्षरांत असते. आवृत्तीचे पूर्ण नाव असलेच, तर बारीक अक्षरांत किंवा संकेतस्थळावरच्या तपशिलाच्या लांबलचक तक्त्यात. तिथेही कित्येकदा नुसते ‘विंडोज ११ होम’ लिहून काम भागवले जाते.

आणखी खटकणारी बाब जुनी आहे. विंडोज ७ च्या काळात मराठीचा पॅक मायक्रोसॉफ्टच्या संकेतस्थळावरून मोफत उतरवता येई आणि तो घरगुती स्वस्त आवृत्तीवरही बसे. त्या वेळी युरोपातल्या बड्या भाषांचे पूर्ण पॅक बदलण्यासाठी महागडी ‘अल्टिमेट’ आवृत्ती लागायची, पण मराठीसारख्या भाषांना ती अट नव्हती. पुढच्या आवृत्त्यांनी बाकीच्या जगाला भाषाबदल खुला केला. एकभाषी आवृत्ती घेणाऱ्याच्या वाट्याला मात्र उलटा प्रवास आला. तंत्रज्ञान पुढे गेले म्हणून सोयही पुढे गेली, असे दरवेळी होत नाही ते असे.

म्हणून लॅपटॉप घेताना दुकानदाराला विचारण्याचा प्रश्न साधा आहे : ‘होम आहे की होम सिंगल लँग्वेज?’ दुकानदाराला माहीत नसेल, तर काउंटरवरचे सुरू असलेले यंत्र घेऊन ‘अबाउट’ उघडायला सांगा. ऑनलाइन घेणार असाल तर नेमक्या मॉडेल क्रमांकावर कंपनीच्या संकेतस्थळावर जाऊन पाहा. एकाच नावाच्या लॅपटॉपची दोन मॉडेल वेगवेगळ्या आवृत्तीची असू शकतात.

जर्मनी-जपानहून नातेवाइकांनी आणलेल्या लॅपटॉपचा प्रश्न निराळा. त्यावर साधे ‘होम’ असेल, तर आधी इंग्रजी आणि मग मराठी असा दोन पायऱ्यांचा प्रवास करता येतो. फक्त किबोर्डवर छापलेली अक्षरे बदलत नाहीत. जर्मन किबोर्डवर झेड आणि वाय यांच्या जागा उलट्या असतात, ते बोटांना शिकवावे लागते.

एकभाषी लॅपटॉप आधीच घेतला असेल तर?

तरीही पडद्याचा बराच भाग मराठी करता येतो, कारण परवान्याची अट विंडोजच्या स्वतःच्या पडद्यापुरती आहे. मराठी किबोर्ड बिनदिक्कत बसतो. क्रोम ब्राउझरच्या सेटिंग्जमध्ये ‘लँग्वेजेस’खाली मराठी जोडून त्याच भाषेत क्रोम दाखवण्याचा पर्याय आहे. फायरफॉक्सही मराठीत मिळतो. मायक्रोसॉफ्ट ऑफिसची भाषा विंडोजहून वेगळी ठरते. वर्डमध्ये ‘फाइल’, ‘ऑप्शन्स’ आणि ‘लँग्वेज’ या वाटेने गेले, की मराठीचा जोडपॅक उतरवता येतो. त्यातही सगळे शब्द मराठीत नसतात, हे धरून चालावे. पैसे खर्च करायचे नसतील, तर लिबरऑफिस मराठीत उपलब्ध आहे. ज्याचे काम दिवसभर ब्राउझर आणि पत्रे टाइप करणे एवढेच आहे, त्याला एवढ्यावर पडद्याचा मोठा हिस्सा मराठीत मिळतो. ‘प्रो’साठी काही हजार रुपये मोजण्याआधी हे करून पाहावे.

मराठी ‘अर्धी’ का दिसते?

मायक्रोसॉफ्टने भाषांचे दोन गट केले आहेत. पहिल्या गटाला पूर्ण पॅक मिळतो, म्हणजे जवळपास सगळे भाषांतर. याच भाषांत विंडोज पहिल्यापासून बसवता येते. दुसऱ्या गटाला ‘लँग्वेज इंटरफेस पॅक’ मिळतो. त्यात रोज डोळ्यांसमोर येणारा भाग भाषांतरित असतो आणि बाकीच्यासाठी खाली एक पूर्ण भाषा लागते. मराठी दुसऱ्या गटात आहे. हिंदी, बांगला, तमिळ, तेलुगू, गुजराती यांचेही तेच. कोकणीचाही असा पॅक विंडोज १० च्या यादीत आहे. म्हणजे एकही भारतीय भाषा पहिल्या गटात नाही.

पहिल्या गटात एस्टोनियन आहे. ती बोलणारे साधारण ११ लाख, म्हणजे आपल्याकडच्या एखाद्या मोठ्या शहरातही सहज मावतील एवढे. २०११ च्या जनगणनेत मराठी मातृभाषा सांगणारे ८ कोटी ३० लाख होते. तेव्हा लोकसंख्या हा निकष नाही, हे उघड आहे. द्वेष वगैरे शोधण्याचेही कारण नाही, कारण आइसलँडसारख्या श्रीमंत देशाची भाषाही दुसऱ्याच गटात आहे. निकष बाजाराचा आहे. एस्टोनियातला ग्राहक, शाळा आणि सरकार आपल्या भाषेतला पडदा मागतात आणि तोच वापरतात. मराठी ग्राहक इंग्रजी पडद्यावर तक्रार न करता काम करतो, मग कंपनीने उरलेले भाषांतर कशासाठी करावे? भाषांतर अर्धे म्हणून कुणी वापरत नाही आणि कुणी वापरत नाही म्हणून भाषांतर अर्धे राहते. हे चक्र कंपनीच्या बाजूने आपोआप थांबणार नाही.

शब्दांची निवड हा वेगळाच विषय. ‘डिलीट’साठी एका ठिकाणी ‘हटवा’, दुसरीकडे ‘काढून टाका’, तिसरीकडे ‘नष्ट करा’ असे दिसले, की वापरणारा बिचकतो. हटवले म्हणजे दुसरीकडे ठेवले की कायमचे गेले? ‘फाइल’ला धारिका म्हणावे की संचिका, यावर मराठीत कितीही वाद घाला, माणूस ‘फाइल’च म्हणतो. चांगले भाषांतर ‘फाइल’ला हात लावत नाही आणि ‘आर यू शुअर’ला मात्र नीट मराठी वाक्य देते. नावे इंग्रजी चालतात, वाक्ये मराठी हवीत. कारण नावे पाठ होतात; आपण नेमके कशाला ‘हो’ म्हणतो आहोत, हे वाक्यातूनच कळते.

मराठी केल्यावर काय अडते?

हे न सांगता मराठीचा आग्रह धरणे बरोबर होणार नाही. सर्वात मोठी अडचण मदतीची. लॅपटॉप अडला, तर उपाय सांगणारे व्हिडीओ, लेख आणि कॉल सेंटरवरचा माणूस इंग्रजी मेन्यूची नावे घेतो. ‘कंट्रोल पॅनेलमध्ये जा’ असे तो म्हणतो आणि तुमच्या पडद्यावर ती पाटी वेगळ्या शब्दांत असते. मराठीतला चुकीचा संदेश जसाच्या तसा शोधला, तर फारसे काही हाती लागत नाही. यावर उपाय आहे. संदेशासोबत येणारा शून्य आणि एक्सने सुरू होणारा क्रमांक सर्व भाषांत सारखाच असतो. शोधताना तो क्रमांक टाका. तेही जमत नसेल, तर तासाभरापुरते इंग्रजीत जाऊन दुरुस्ती करा आणि परत या.

दुसरी अडचण पासवर्डची आणि ती जास्त घाबरवणारी. मराठी किबोर्ड सुरू असताना लॉगिनच्या पानावर पासवर्ड टाइप केला, तर ठिपके दिसतात पण अक्षरे देवनागरी पडतात आणि ‘पासवर्ड चुकीचा’ असा संदेश येतो. पासवर्ड विसरलो असे वाटून लोक तो बदलायला जातात. त्याआधी उजव्या कोपऱ्यात खाली भाषेची छोटी खूण पाहावी. विंडोजचे बटण दाबून धरून स्पेसबार दाबला, की किबोर्ड बदलतो.

किबोर्डही दोन प्रकारचे मिळतात. इन्स्क्रिप्ट हा सरकारी प्रमाण आराखडा. शिकायला काही दिवस लागतात, पण एकदा बसला की बहुतेक भारतीय लिप्यांना तोच चालतो. ज्यांना इंग्रजी अक्षरांच्या उच्चारावरून टाइप करायची सवय आहे, त्यांच्यासाठी विंडोज १० मध्ये २०१९ पासून मराठी फोनेटिक किबोर्ड आला. तो वेगळा उतरवावा लागत नाही. मराठीच्या ‘लँग्वेज ऑप्शन्स’मध्ये जाऊन जोडायचा.

फोल्डरांच्या नावांबाबतही गैरसमज आहे. विंडोज मराठीत गेल्यावर ‘डाउनलोड्स’ची पाटी बदललेली दिसली, तरी आतले खरे नाव तेच असते. फायली कुठे जात नाहीत.

चुकून भलतीच भाषा लागली तर?

लहान मुलाच्या हातून किंवा जुना लॅपटॉप विकत घेतल्यावर पडदा अरबी किंवा चिनी दिसला, तर वाचायचा प्रयत्न सोडा आणि जागा मोजा. विंडोजचे बटण आणि इंग्रजी आय एकत्र दाबले, की कोणत्याही भाषेत सेटिंग्जच उघडते. विंडोज ११ मध्ये बाजूच्या यादीत खालून पाचवी ओळ भाषेची आणि वेळेची असते. त्यात शिरल्यावर दुसरी नोंद भाषेची. तिथे सर्वात वर पडद्याच्या भाषेची यादी असते आणि प्रत्येक भाषा स्वतःच्याच लिपीत लिहिलेली असते. मराठी ‘मराठी’ म्हणून आणि इंग्रजी ‘इंग्लिश’ म्हणूनच दिसते. अरबी पडद्यावर सगळी मांडणी आरशातल्यासारखी उजवीकडून सुरू होते. तेव्हा बाजूची यादी उजव्या हाताला शोधा.

लिनक्स आणि मॅकवर काय?

लिनक्सवर परवान्याची अट नाही. उबुंटूमध्ये ‘रीजन अँड लँग्वेज’मधून ‘मॅनेज इन्स्टॉल्ड लँग्वेजेस’ उघडावे, मराठीवर खूण करून ती उतरवावी, मग यादीत माउसने ओढून सर्वात वर न्यावी आणि ‘अप्लाय सिस्टिम-वाइड’ दाबावे. पुन्हा आत आल्यावर प्रणाली विचारते, की फोल्डरांची नावेही नव्या भाषेत करू का? इथे ‘जुनीच ठेवा’ म्हणणे शहाणपणाचे. उबुंटूमध्ये नावे खरोखर बदलतात आणि मग काही जुने प्रोग्रॅम आपली फाइल शोधत बसतात.

लिनक्सचे मराठी भाषांतर स्वयंसेवकांनी आणि पुण्यातल्या रेड हॅटच्या कार्यालयातील भाषागटाने बरेच पुढे नेले होते. आजही कुणीही त्यात भर घालू शकतो. चुकीचा शब्द दिसला, तर तो स्वतः सुधारून पाठवता येतो. असे विंडोजमध्ये करता येत नाही. मात्र भर घालणारे हात कमी झाले, की नव्या आवृत्तीतला नवा मजकूर इंग्रजीतच राहतो.

मॅकवर ‘सिस्टिम सेटिंग्ज’, ‘जनरल’ आणि ‘लँग्वेज अँड रीजन’ ही वाट. तिथे प्रत्येक ॲपला वेगळी भाषा देता येते, ही खरी जमेची बाजू. आयफोनवर २०२५ मध्ये आलेल्या १८.४ या आवृत्तीपासून मराठी ही प्रणालीची भाषा म्हणून मिळू लागली. तोवर भारतीय भाषांपैकी तिथे हिंदीच होती.

जाता जाता आकड्यांबद्दल. फोन हिंदीत केला तर घड्याळ इंग्रजी आकड्यांतच राहते, मराठीत केला तर बहुतेक अँड्रॉइड फोनवर ते देवनागरी होते. हा योगायोग नाही. जगभरच्या प्रणाली ज्या सामायिक भाषाकोशावरून तारखा आणि आकडे घेतात, त्यात मराठीचे प्रमाण आकडे देवनागरी आणि हिंदीचे इंग्रजी नोंदले आहेत. तसेच मराठी वळणाचे ल आणि श, जे राज्य सरकारने ६ नोव्हेंबर २००९ च्या निर्णयाने प्रमाण ठरवले, तेही भाषा मराठी ठेवली तरच उमटू शकतात. अर्थात फाँटमध्ये तशी सोय असेल तर. एकाच फाँटमध्ये दोन्ही वळणे असतात आणि कोणते काढायचे हे भाषेच्या खुणेवरून ठरते. देवनागरी दिसली म्हणजे मराठी आली, असे नाही.

सरकारी कार्यालयांत काय व्हायला हवे?

फेब्रुवारी २०२५ मध्ये राज्य सरकारने कार्यालयांतील मराठीच्या सक्तीबाबत निर्णय काढला. त्यात संगणकाच्या किबोर्डवर रोमनबरोबर देवनागरी अक्षरेही असावीत, असे म्हटले आहे. किबोर्डवर अक्षरे छापणे सोपे आहे आणि दिसायलाही चांगले. पण ती अक्षरे छापल्याने पडदा मराठी होत नाही आणि टाइप करणाऱ्याला इन्स्क्रिप्ट येतही नाही. मराठी माध्यमातून शिकलेला कर्मचारी दिवसभर ज्या संदेशांना ‘ओके’ दाबतो, ते इंग्रजीतच राहतात.

यासाठी मोठ्या योजनेची गरज नाही. शाळा, ग्रामपंचायत, वाचनालय यांच्यासाठी यंत्रे घेताना निविदेत दोन ओळी लागतात. पहिली, आवृत्ती एकभाषी नसावी. दुसरी, यंत्र ताब्यात देताना मराठीचा पॅक उतरवलेला असावा आणि लॉगिनच्या पानावर तो लागू केलेला असावा. खर्च पहिल्या ओळीचा आहे, दुसरीला लागतो तो इंटरनेट आणि अर्धा तास. कार्यालयातल्या यंत्रांवर भाषा बदलण्याची कळ आयटी विभागाने बंद केलेली असू शकते. तिथे कर्मचाऱ्याने स्वतः खटपट करण्यापेक्षा लेखी मागणी करावी. ती मान्य झाली, तर एका आदेशात सगळ्या यंत्रांवर पॅक जातो.

विंडोज १० चा नियमित मोफत आधार १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपला आहे. जुनी यंत्रे बदलण्याचे प्रस्ताव आता कार्यालयाकार्यालयांत आणि शाळाशाळांत तयार होतील. या दोन ओळी घालायच्या असतील, तर त्या खरेदीच्या आधीच घालाव्या लागतील.